विहाराच्या माथ्यावरचा चर

विमल देवरे यांच्यामुळे मी माणसात आलो. नोकरीबद्दल लिहायचं तर आधी त्यांचं नाव घ्यायला हवं, नाहीतर पुढचं सगळं अर्धवट राहील. आम्ही त्यांना मॅडम म्हणायचो. त्या मूळच्या सटाण्याकडच्या. कार्यालयात त्या अगदी शुद्ध पुस्तकी मराठी बोलत, पण राग आला किंवा फार आनंद झाला की सरळ अहिराणीवर येत. त्यामुळे त्यांचा राग आम्हाला अर्धाच कळायचा. तेवढा पुरायचा.

मी पिंपळगाव बसवंतचा. वडील कांद्याच्या खळ्यावर टेम्पो भरायचे, आई द्राक्षांच्या पॅकहाउसमध्ये घड निवडायची. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. भूगर्भशास्त्र घेतलं ते आवडीने नाही, त्या विषयाला जागा शिल्लक होती म्हणून. पदवी मिळाल्यावर पुरातत्त्व खात्यात सहायकाच्या जागेसाठी मुलाखतीला गेलो, तेव्हा समोरच्या साहेबलोकांनी इंग्रजीत काहीतरी विचारलं आणि माझी जीभ टाळूला चिकटली. कडेला बसलेल्या बाई माझा कागद वाचत होत्या. त्यांनी मान वर करून विचारलं, "पिंपळगावचा ना? कांद्याची चाळ पाहिली असशील. चाळीत कांदा सडतो तो का?"

हे मला येत होतं. मी सांगितलं, खालून ओल धरली आणि हवा कोंडली की सडतो. म्हणून चाळ जमिनीपासून उचललेली असते आणि दोन्ही बाजूंनी वारा खेळता ठेवतात.

"दगडाचंही तेच आहे," त्या शेजारच्या साहेबांना म्हणाल्या. आणि मग स्वतःशीच, "व्हई गयं." म्हणजे झालं. पुढची सगळी वर्षं त्यांनी मला नावाने हाक मारली नाही. मी कायम "पिंपळगाव" राहिलो.

नाशिक शहरापासून फार लांब नसलेल्या एका डोंगरावर माझी निम्मी नोकरी गेली. डोंगराचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण पुढे जे सांगणार आहे त्यात आमच्याच माणसांची एक चूक आहे. वर बौद्ध भिक्षूंचा प्राचीन मठ आहे. माथ्याजवळच्या कड्यात कोरलेले विहार आहेत, त्यांच्या पोटात लहान लहान खोल्या, प्रत्येक खोलीत दगडाचाच ओटा, तोच पलंग. बाहेर पाण्याची टाकी आहेत. अगदी माथ्यावर विटांच्या स्तूपाचा आता नुसता उंचवटा उरला आहे. गवत वाढलं की तोही दिसत नाही.

आमचं काम काय, असं लोक विचारतात. शोध लावणं, उत्खनन करणं हे वेगळ्या लोकांचं. आम्ही जे आहे ते पडू न देणारे. गवत काढायचं, भेगेत उगवलेलं पिंपळाचं रोप मुळासकट उपटायचं, वटवाघळांची घाण काढायची, नाव कोरायला निघालेल्या प्रेमिकांना खिळ्यासकट पकडायचं. सगळ्यांत मोठं काम पाण्यावर नजर ठेवणं. आपला काळा पाषाण टणक असतो, पण त्याच्या दोन थरांमध्ये मधूनच एक तांबूस, मातकट पट्टा येतो. पाणी त्यातून वाट काढतं आणि आतून दगड सोलत जातं. आमचं काम उत्तम झालं तर कुणी काही केलंय असं दिसतच नाही. ज्यांना कौतुकाची सवय आहे त्यांनी या खात्यात येऊ नये.

येणारी माणसं मात्र वेगवेगळ्या तऱ्हेची. गंगापूर रोडला मोठाले फ्लॅट बांधणारे एक गृहस्थ सगळ्या खांबांचे फोटो काढत होते. मला म्हणाले, "हे ओरिजिनल आहे की रिनोव्हेट केलंय? आमच्या क्लबहाउसला असंच करायचंय." पंचवटीतले एक गुरुजी दशक्रियेला आलेल्या यजमानांना दुसऱ्या दिवशी इकडे फिरवायला आणत. प्रत्येक खोलीला त्यांनी पांडवांची नावं वाटून टाकली होती. मी एकदा म्हटलं, "गुरुजी, भीमाची खोली काय म्हणता? भिक्षू राहायचे इथे."

"मला ठाऊक आहे हो," ते धोतराने घाम पुसत म्हणाले. "पण भीम म्हटलं की यजमान आणखी चार पायऱ्या चढतात. वर आल्यावर सांगतोच की खरं."

आणि खरंच सांगायचे. मी आडून ऐकलं आहे, फार छान सांगायचे.

पौर्णिमेला शहरातून पांढऱ्या साड्या नेसलेल्या बायका येत. त्यांच्यातल्या एक आजी प्रत्येक खोलीच्या उंबऱ्याला हात लावत. उंबरे पुष्कळ, आजींचे गुडघे दुखरे, पण एकही सोडायच्या नाहीत. मी म्हटलं, "आजी, एकाला नमस्कार केला तरी सगळ्यांना पोहोचतो." त्या म्हणाल्या, "नात वकिलीला हाये माझी. तिला दाखवायचंय, शिकणाराची खोली कशी असती. ना खिडकी, ना कपाट. अन् तरी जगभर गेली ही माणसं." त्या दिवशी मी घरी जाताना माझी कॉलेजातली खोली आठवत होतो. नाशिकमध्ये शालिमारजवळ तिघांत एक खोली, त्यात दोरीवर कपडे आणि कपड्यांखाली आम्ही. तेव्हा मला ती खोली लाजिरवाणी वाटायची.

आता मुख्य गोष्टीकडे येतो.

सगळ्यांत मोठ्या विहारात दर्शनी चार खांब आहेत. त्यांतल्या डावीकडच्या खांबाच्या वरच्या भागाला ओल येऊ लागली. पावसाळ्यात थोडी ओल सगळीकडेच असते, पण ही दिवाळीनंतरही हटेना. खांबाचे पापुद्रे निघायला लागले. शेजारच्या भिंतीवर ब्राह्मी अक्षरांची एक ओळ आहे. कुणा साध्या माणसाने मठाला पाण्याचं टाकं दान दिल्याची ती नोंद. पाणी त्या ओळीपर्यंत पोहोचलं होतं.

मुख्यालयातून तज्ज्ञ आले, गेले आणि एक नकाशा आला. विहारात लोखंडी टेकू लावायचे, भोवती काँक्रीटची भिंत घालून पुढची बाजू बंद करायची. छत पडू नये म्हणून. त्यात वाईट हेतू काही नव्हता. छत पडलं आणि खाली माणसं असली तर कोण जबाबदार, हा प्रश्न त्यांच्या डोक्यावर होता. पण भिंत झाली की विहार संपला. आत अंधार कोंडणार, वारा बंद होणार, आणि बघायला येणाऱ्याला समोर दिसणार नवं काँक्रीट. लोखंड तर पायथ्याशी येऊनही पडलं.

मॅडम निवृत्तीला आल्या होत्या. नोकरीची सुरुवात त्यांनी याच डोंगरापासून केली होती आणि आता शेवटच्या वर्षी पुन्हा तो त्यांच्याकडे आला होता. नकाशा बघून त्या मला म्हणाल्या, "पिंपळगाव, हा विहार बंद करून मी घरी गेले तर मला झोप लागणार नाही. पाणी कुठून येतं ते सापडलं पाहिजे. टेकू हे काही उत्तर नाही."

पाण्याचा माग काढायची आमच्याकडे एक साधी रीत होती. भर उन्हाळ्यात, डोंगर पार सुकलेला असताना, माथ्यावर थोड्या थोड्या जागेवर पाणी ओतायचं आणि खाली कुठे ओल फुटते ते बघत बसायचं. रंग टाकला तर लवकर कळतं, पण दगडाला डाग पडतो, म्हणून मॅडम रंगाला हात लावू देत नसत. कोरं पाणी आणि धीर, एवढंच साहित्य.

टँकर पायथ्यापर्यंत यायचा. तिथून हंडे वर न्यायला पेठ तालुक्याकडच्या बायका होत्या. त्यांची पुढारी जनाबाई. पहिल्याच दिवशी ती अर्ध्या वाटेवर हंडा टेकवून मॅडमना म्हणाली, "म्याडम, ह्या डोंगराला लय तहान लागली का? आमच्या पाड्यावर प्यायला नाय, अन् आमी इथं दगडाला पानी पाजतोय."

मी पुढे होऊन काही सारवासारव करणार होतो. मॅडमनी मला हातानेच थांबवलं. "खरं आहे तुझं, जनाबाई," त्या म्हणाल्या. मग टँकरवाल्याला बोलावलं. तेव्हापासून कामाचा टेम्पो संध्याकाळी या बायकांना सोडायला जाई तेव्हा त्यात पाण्याने भरलेले ड्रम असत. याला मंजुरी कुणाची होती, हे मी कधी विचारलं नाही.

ओतायचं काम सुरू झालं. वर मॅडम आणि जनाबाईची मंडळी, खाली खांबाशी मी. ओल दिसली तर मी शिट्टी मारायची. कित्येक दिवस मी शिट्टी तोंडात धरून नुसता बसलो. येणारे-जाणारे मला पोलिस समजून नीट वागत, एवढाच काय तो उपयोग. "काय रे पिंपळगाव, झोपलास का?" असा वरून आवाज यायचा. "नाही मॅडम, कोरडं आहे!" असं मी ओरडायचो. मग पुन्हा शांतता.

आणि एका सकाळी चहा उकळायला ठेवला होता, तो उतू जायच्या आत खांबाच्या डोक्यावर गडद डाग उमटला. बघता बघता पसरला. मी शिट्टी मारली, पुन्हा मारली, आणि वर धावलो.

वर जाऊन बघतो तर जिथे पाणी ओतलं होतं तिथे काहीच नव्हतं. सलग काळा खडक. ना भेग, ना खड्डा. पाणी त्या खडकाच्या एका कडेला तुंबून हळूहळू आत मुरत होतं. मॅडम वाकल्या, हातातल्या छोट्या छिन्नीने त्यांनी खडक खरवडला. वरचा काळा थर साल निघावी तसा निघाला. आत राखाडी सिमेंट.

मॅडमनी चप्पल काढून बाजूला ठेवली आणि तिथेच उन्हात बसल्या. चिमटीत तो काळा चुरा घेऊन त्यांनी बोटांत चोळला.

"कोळशाची पूड आहे," त्या म्हणाल्या. मग, "हाई मनंच काम शे, पिंपळगाव."

हे माझंच काम आहे.

त्यांनी सांगितलं ते असं. नोकरीच्या पहिल्या वर्षी या माथ्यावर त्यांना एक लांबच लांब भेग दिसली होती. काठ तुटलेले, आत माती आणि झुडपं, पावसाचं पाणी साचलेलं. पाणी साचणारी भेग बुजवायची, अशी तेव्हा शिकवण होती. त्यांनी ती बुजवली. नुसती बुजवली नाही. सिमेंट डोळ्यांना खुपू नये म्हणून वरच्या थरात कोळशाची पूड मिसळून त्याला खडकाचा रंग दिला, खडकासारखे खाचखळगे काढले. वरिष्ठांनी पाठ थोपटली. इतर डोंगरांवरच्या लोकांना ते काम बघायला पाठवलं. आणि ते काम इतकं सुरेख झालं होतं की आज आम्हालाच सापडत नव्हतं.

ती भेग नव्हतीच. मठ कोरणाऱ्यांनी माथ्यावर काढलेला तो चर होता. डोंगरावरचं पाणी विहारावर येण्याआधी अडवून बाजूच्या टाक्यात नेणारा. चर बुजला, पाणी त्याच्या काठाशी थांबलं आणि त्याने खाली खांबाकडे वाट काढली. खालच्या वस्तीतले लोक म्हणायचे की बोअरवेल झाल्या म्हणून मठाचं टाकं आटलं. आम्हीही मान डोलवायचो.

मी म्हटलं, "मॅडम, कुणी केलं हे आता कुणाला माहीत आहे? आपण अहवालात 'जुनी दुरुस्ती' असं लिहू."

"चाळीत सडका कांदा सापडला तर तुझे वडील काय करायचे? झाकून ठेवायचे?"

"बाहेर काढायचे."

"मग."

मुख्यालयातल्या बैठकीला त्या मला सोबत घेऊन गेल्या. लांब टेबल, पाण्याच्या बाटल्या, टेकूंचे नकाशे. मॅडम उभ्या राहिल्या. चर कुठे आहे, पाणी कसं फिरतं हे त्यांनी सांगितलं, आणि तो कुणी बुजवला तेही सांगितलं. "मी. माझ्या देखरेखीखाली. मला ती भेग वाटली." मी खाली टेबलाकडे बघत होतो. ज्यांनी मला उभं केलं त्यांना असं सगळ्यांपुढे बोलताना ऐकणं मला जड गेलं. त्यांना मात्र जड जात असल्यासारखं दिसत नव्हतं. त्या एखाद्या खांबाचं माप सांगावं तसं सांगत होत्या.

मुख्यालयातले मोठे साहेब सज्जन होते. त्यांनाच अवघडल्यासारखं झालं. "मॅडम, निवृत्ती तोंडावर आली आहे. हे असं नोंदवून घ्यायची काय गरज?"

"तोंडावर आली म्हणूनच आत्ता सांगते. नंतर मला इथे बोलवणार कोण? आणि दुसरं, माझं काम बघून आणखी किती डोंगरांवर असे चर बुजवले गेले असतील, ते शोधायला तुम्हाला नाव आणि कृती दोन्ही लागतील."

साहेबांनी नकाशाची गुंडाळी केली. "एक पावसाळा देतो. चर उघडा. दसऱ्यानंतर मी स्वतः येईन. खांब ओला दिसला तर टेकू लागतील आणि भिंतही होईल. मग माझा नाइलाज."

सिमेंट काढायला यंत्र लावता येत नाही, खालचा दगड हादरतो. हाताने, छिन्नीने, खपलीएवढं खपलीएवढं काढलं. मॅडम स्वतः छिन्नी घेऊन बसायच्या. खाली मूळ चर उघडा होत गेला तसे आम्ही सगळे हळूच बोलू लागलो. छिन्नीचे घाव असे ताजे की कोरणारा जेवायला गेला आहे असं वाटावं. चराचा उतार डोळ्याला दिसत नाही इतका हलका. वेगाने पाणी आलं तर काठ कापला जाईल, म्हणून. जिथे चर वळतो तिथे तो किंचित रुंद केला आहे, कारण वळणावर पाणी उसळतं. मुख्य म्हणजे हा दगड चुकला तर पुन्हा जोडता येत नाही. त्यांनी मापून कोरलं आणि तिथेच थांबले. जनाबाईने वळणावर हात फिरवला आणि म्हणाली, "आमच्या वावरातला पाट असाच वळवतो आमी. पण मातीत. ह्यांनी दगडात केलं, लय खटपटी मानसं." मॅडम हसल्या. एवढं खुलून हसताना मी त्यांना त्या वर्षात पहिल्यांदा बघितलं.

खांबाकडे जाणारी फट आम्ही चुना, विटांचा चुरा, गूळ आणि बेलफळाच्या पाण्याने भरली. चुना आतली ओल बाहेर सोडतो. सिमेंट ती कोंडतं. हे ज्ञान आता सगळ्यांना आहे. मॅडमच्या तरुणपणी शिकवणारंच कुणी नव्हतं. ही हळहळ माझी आहे, त्यांनी कधी बोलून दाखवली नाही.

मे महिना संपला आणि त्या निवृत्त झाल्या. निरोप समारंभात नारळ, शाल, भाषणं. कुणीही चराचा उल्लेख केला नाही. त्यांनी स्वतःच केला. मग त्या गावी गेल्या. जाताना मला म्हणाल्या, "फोन करू नको. फोनवर माणूस गोड बोलतो. दसऱ्यानंतर जे असेल ते लिहून पाठव. ओला असेल तर ओला लिही."

तो पावसाळा मी कसा काढला ते बायकोला विचारा. आता मीही निवृत्त आहे, आणि नव्या सहायकांना शिकवायला कधी बोलावतात तेव्हा मी हाच विहार दाखवतो. मॅडमना पाठवलेल्या पत्राची प्रत मी ठेवली होती. ती इथे देतो आणि थांबतो.

नाशिक, कोजागरीच्या दुसऱ्या दिवशी

आदरणीय मॅडम,

सा. न.

खांब कोरडा आहे.

काल साहेब आले होते. विहारात गेले, चष्मा काढला आणि खांबाच्या डोक्याला तळहात लावला. मग तळहात उजेडात धरून बघितला. दुसऱ्या जागी लावला, पुन्हा बघितला. मग उरलेल्या तिन्ही खांबांनाही लावून आले. खाली उतरल्यावर पायथ्याशी पडलेलं लोखंड बघून म्हणाले, "हे इथे कशाला ठेवलंय अजून?" आज सकाळी ट्रक येऊन ते घेऊन गेला. विहार बंद होणार नाही.

तुम्ही खरं लिही म्हणाला होतात, म्हणून वाईटही लिहितो. भिंतीवरच्या ओळीतली शेवटची दोन अक्षरं गेली. पापुद्रा गळून पडला होता तेव्हाच ती गेली असणार, कोरडं झाल्यावर कळलं. पूर्वी कागदावर घेतलेल्या ठशात ती आहेत, पण दगडावर आता नाहीत. मी तसं अहवालात लिहिलं आहे. चर कुणी बुजवला होता तिथे तुमचं नाव तुम्ही सांगितलं तसंच ठेवलं आहे, आणि साहेबांनी ते वाचून दुसऱ्या दोन डोंगरांचे माथे तपासायला सांगितले आहेत. जनाबाईची मंडळी त्या कामावर येणार आहेत. त्यांनी विचारलंय की ड्रम मिळतील ना. मी हो म्हटलं आहे.

टाक्यात पाणी आहे. मी पिऊन बघितलं, गोड आहे.

आणखी एक. आषाढात तीन दिवस झड लागली होती, तेव्हा मी माथ्यावर जाऊन बसलो होतो. सगळ्या उतारावरून पाणी एकदम खाली आलं. मला वाटलं हे आता चर ओलांडून सरळ विहारावर जाणार. मी उभाच राहिलो. ते चराशी आलं, क्षणभर साठलं, आणि वळलं. सगळंच्या सगळं वळलं, काही आवाज न करता. वळणावर ते थोडं उसळलं, पण काठाबाहेर एक थेंब गेला नाही. मी छत्री मिटून भिजत बघत राहिलो.

मॅडम, ते तुम्ही बघायला हवं होतं. पुढच्या आषाढात या. पायऱ्या निसरड्या असतात, मी खालपर्यंत घ्यायला येईन.

आपला,
पिंपळगाव